वॉरफरिन घेणाऱ्या रुग्णाचा रक्तस्राव: ‘प्रतिकूल परिणाम’ की ‘पॉयझनिंग’?

प्रश्न – नवशिकी कोडर, पुणे

नमस्कार. बी.फार्म. झाल्यानंतर गेले सव्वा वर्ष मी अमेरिकेतील रुग्णालयांच्या चार्टचे मेडिकल कोडिंग करते, म्हणजे रुग्णाच्या नोंदी वाचून त्यातील आजारांना ठरलेले कोड लावते. मागच्या आठवड्यात ऑडिटमध्ये माझ्या एका चार्टवर मोठी चूक निघाली. ती चूक कोणत्या नियमाने चूक ठरते हे मला समजले आहे, पण पटलेले नाही, म्हणून येथे सविस्तर लिहीत आहे.

रुग्ण ७१ वर्षांचे गृहस्थ आहेत. एट्रियल फिब्रिलेशनसाठी (हृदयाच्या अनियमित ठोक्यांसाठी) ते रोज ५ मि.ग्रॅ. वॉरफरिन हे रक्त पातळ करणारे औषध घेतात. दोन दिवस काळी शौच होत असल्यामुळे आणि थकवा आल्यामुळे ते इमर्जन्सीमध्ये आले, तेव्हा आयएनआर, म्हणजे रक्त गोठायला किती वेळ लागतो हे दाखवणारा आकडा, वाढून ६.८ झाला होता. डिस्चार्ज समरीमध्ये डॉक्टरांनी ‘वॉरफरिनमुळे जठरांत्र मार्गातील रक्तस्राव’ असे स्पष्ट लिहिले आहे. मी के ९२.२ (जठरांत्र मार्गातील रक्तस्राव) हे मुख्य निदान ठेवले, त्यामागे डी ६८.३२ (रक्त पातळ करणाऱ्या औषधामुळे झालेला रक्तस्रावाचा विकार), मग टी ४५.५१५ए, म्हणजे रक्त पातळ करणाऱ्या औषधाचा प्रतिकूल परिणाम, आणि शेवटी आय ४८.९१ (एट्रियल फिब्रिलेशन) व झेड ७९.०१ (रक्त पातळ करणाऱ्या औषधाचा दीर्घकाळ वापर) असे कोड लावले.

ऑडिटरने हे सर्व उलटे केले. दाखल होतानाच्या इतिहासात एक वाक्य आहे की रुग्ण गुडघेदुखीसाठी अधूनमधून दुकानातून आणलेले आयबुप्रोफेन घेतात. त्या एका वाक्यावरून त्यांनी टी ४५.५११ए आणि टी ३९.३११ए हे अनुक्रमे वॉरफरिन व आयबुप्रोफेनच्या अपघाती पॉयझनिंगचे कोड सर्वांत वर नेले आणि रक्तस्राव खाली ढकलला. त्यांचे म्हणणे असे की, डॉक्टरांनी न दिलेले औषध स्वतःच्या मनाने घेतले की प्रतिकूल परिणाम राहत नाही, पॉयझनिंग होते.

माझी अडचण दुहेरी आहे. एक म्हणजे गुडघा दुखतो म्हणून गोळी घेणाऱ्या म्हाताऱ्या माणसाला ‘विषबाधा’ झाली असे म्हणणे मला विचित्र वाटते. दुसरे म्हणजे डॉक्टरांनी कारण म्हणून वॉरफरिनचेच नाव घेतले असताना आपण आयबुप्रोफेन मध्ये आणायचे का? माझी एक मैत्रीण फार्माकोव्हिजिलन्समध्ये (औषधांच्या दुष्परिणामांवर लक्ष ठेवण्याच्या कामात) आहे, तिच्या मते त्यांच्याकडे हीच केस पूर्णपणे वेगळी कोड होईल. तसे का, हेही कोणी सांगितले तर बरे होईल, कारण पुढे तिकडे जाण्याचा माझाही विचार आहे.

प्रतिसाद १ – आयसीडी नऊच्या काळातला, नवी मुंबई

ताई, आधी शब्दाचा सल काढून टाका. मराठीत ‘विषबाधा’ म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर कीटकनाशकाची बाटली, पोलिसांचा जबाब आणि केसपेपरवरचा एमएलसीचा (मेडिको-लीगल केसचा) शिक्का येतो. आयसीडीमधील, म्हणजे आपण ज्यातून कोड लावतो त्या आजारांच्या वर्गीकरणातील, पॉयझनिंग या शब्दाला तो वास नाही. तेथे प्रश्न एवढाच विचारलेला आहे की औषध जसे सांगितले होते तसे घेतले गेले का. योग्य औषध, योग्य मात्रा, योग्य मार्ग, आणि तरीही त्रास झाला, तर तो प्रतिकूल परिणाम. औषध चुकीचे दिले गेले, मात्रा जास्त झाली, दुसऱ्याची गोळी घेतली गेली किंवा औषधासोबत मद्य घेतल्यामुळे त्रास झाला, तर ते पॉयझनिंग. सांगितल्यापेक्षा कमी घेतले किंवा मध्येच बंद केले, तर ते अंडरडोसिंग. दोष रुग्णाचा, डॉक्टरचा की परिचारिकेचा, याच्याशी कोडला देणेघेणे नाही.

टी ३६ ते टी ५० या गटांत हा निवाडा सहाव्या अक्षरात होतो: १ अपघाती, २ स्वतःहून हानी, ३ दुसऱ्याने केलेली हानी, ४ हेतू अनिश्चित, ५ प्रतिकूल परिणाम, ६ अंडरडोसिंग. हेतूबद्दल चार्टमध्ये काहीच लिहिलेले नसेल, तर अपघाती धरायचे. ‘अनिश्चित’ हा पर्याय हेतू ठरवता येत नाही असे डॉक्टरांनी स्वतः लिहिले असेल तेव्हाच वापरायचा. आमच्या वेळी, म्हणजे १ ऑक्टोबर २०१५ पूर्वी, आयसीडी नऊमध्ये याच कामासाठी ९६४.२ आणि ई ९३४.२ असे दोन निरनिराळे कोड होते आणि गफलत लगेच डोळ्यांत भरत असे. आता सगळे एकाच अक्षरावर आल्यामुळे ५ च्या जागी १ पडला तरी नजर त्यावरून सहज घसरते.

आता तुमच्या ऑडिटरच्या नियमाबद्दल. नियम खरा आहे. डॉक्टरांनी दिलेले आणि नीट घेतलेले औषध, त्यासोबत डॉक्टरांनी न दिलेले औषध, आणि या दोघांच्या परस्परक्रियेतून झालेला त्रास, हे सारे पॉयझनिंगमध्ये मोडते असे अधिकृत मार्गदर्शक सूचनांमध्ये उघड लिहिलेले आहे. पण त्या वाक्यात ‘परस्परक्रियेतून झालेला’ हे शब्द आहेत आणि तुमचे ऑडिटर नेमके तेच वगळून पुढे गेले आहेत. इतिहासात आयबुप्रोफेनचा उल्लेख असणे वेगळे आणि रक्तस्राव त्या दोन औषधांच्या एकत्र येण्यामुळे झाला असे डॉक्टरांनी म्हणणे वेगळे. दुसरी गोष्ट लिहिलेली नसेल तर ती आपण लिहायची नाही, मग फार्मसीची पदवी असो वा नसो. तुम्ही बी.फार्म. आहात, त्यामुळे हा मोह तुम्हाला जास्त होईल, हे मी स्वानुभवावरून सांगतो.

उलट बाजूने, तुम्हीही पूर्ण बरोबर नाही. एवढा मोठा धागा चार्टमध्ये लोंबकळत असताना तुम्ही डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे खुलासा मागणारा लेखी प्रश्न, पाठवायला हवी होती. हा फरक शोभेचा नाही: रक्तस्राव मुख्य निदान राहिला तर केस ३७७ ते ३७९ या डीआरजीमध्ये (रुग्णालयाचे पैसे ज्यावरून ठरतात त्या गटांमध्ये) जाते, आणि पॉयझनिंगचा कोड वर गेला की तो पहिलाच ठेवावा लागतो व केस ९१७-९१८ मध्ये जाते. रुग्णालयाला मिळणारे पैसे बदलतात. ‘इन द सेटिंग ऑफ आयबुप्रोफेन यूज’ यांसारखी गोलमोल वाक्ये डॉक्टर सर्रास लिहितात. त्यातून कारण सिद्ध होते की केवळ परिस्थिती सांगितली आहे, हे आपण ठरवू नये. तेथेही क्वेरीच पाठवावी.

आणखी एक गंमत लक्षात ठेवा. हेच आयबुप्रोफेन त्यांच्या हाडांच्या डॉक्टरांनी लिहून दिले असते, तर तीच गोळी, तोच रक्तस्राव, पण कोड टी ४५.५१५ए आणि टी ३९.३१५ए, म्हणजे दोन्ही प्रतिकूल परिणाम. आणि समजा, रक्तस्राव झालाच नाही, फक्त आयएनआर वाढलेला सापडला, तर डी ६८.३२ च्या ऐवजी आर ७९.१, म्हणजे रक्त गोठण्याच्या चाचणीचा असामान्य निकाल, येईल.

प्रतिसाद २ – मेड्रात दिवस काढणारी, ठाणे

मैत्रिणीचे म्हणणे बरोबर आहे. मी तिच्याच क्षेत्रात आहे, म्हणून त्या बाजूने लिहिते.

आमच्याकडे आयसीडी नसते, मेड्रा असते. नियामक संस्थांना पाठवायच्या अहवालांसाठी तयार केलेला हा शब्दकोश आहे आणि तो दरवर्षी मार्च आणि सप्टेंबरमध्ये नवा येतो. रचना पाच पायऱ्यांची आहे: सगळ्यांत वर शरीरसंस्थांचे २७ गट, सगळ्यांत खाली एलएलटी, म्हणजे लोक प्रत्यक्ष वापरतात ते शब्द, आणि त्याच्या लगेच वर पीटी, ज्यावर मोजणी होते. आयसीडीची सवय असलेल्या माणसाला पहिला धक्का कोडच्या आकड्यांचा बसतो. तुमच्या टी ४५.५१५ए मध्ये प्रत्येक अक्षर बोलते, आमचा ‘रॅश’ मात्र १००३७८४४ असतो आणि त्या आठ अंकांतून काहीही कळत नाही. सुरुवातीला शब्द वर्णानुक्रमाने लावून १००००००१ या आठ अंकी क्रमांकापासून ओळीने आकडे दिले गेले, आणि पुढे येणाऱ्या शब्दाला पुढचा आकडा मिळत गेला, इतकेच.

तुमची केस माझ्याकडे आली तर मी असे करीन. कळवणाऱ्याने ‘वॉरफरिनमुळे जठरांत्र मार्गातील रक्तस्राव, आयएनआर वाढलेला’ असे लिहिले असेल, तर ‘गॅस्ट्रोइंटेस्टायनल हेमरेज’ आणि ‘इंटरनॅशनल नॉर्मलाइज्ड रेशो इन्क्रीज्ड’ हे दोन पीटी. दोन औषधांची परस्परक्रिया झाली असे कळवणाऱ्याने म्हटले असेल, तरच त्यात ‘ड्रग इंटरॅक्शन’ची भर, आणि मग औषधांच्या रकान्यात दोन्ही औषधांची भूमिका ‘परस्परक्रिया करणारे’ अशी. ‘पॉयझनिंग’ हा शब्द मेड्रामध्येही आहे, पण कोणी विषबाधा झाली असे कळवलेलेच नाही, त्यामुळे मी त्याला हात लावणार नाही. मुख्य निदान कोणते आणि पैसे कोणत्या गटातून, हा प्रश्न आमच्याकडे उद्भवत नाही. काळी शौच मात्र वेगळी कोड करायची नाही, कारण निश्चित निदान दिलेले असताना त्याची लक्षणे पुन्हा कोड करण्याची गरज नसते. निदान ‘संभाव्य’ किंवा ‘शंका आहे’ असे लिहिलेले असेल, तर निदान आणि लक्षणे दोन्ही घ्यावी लागतात. मृत्यूबाबत नवे लोक हमखास चुकतात: मृत्यू ही घटना नव्हे, परिणाम आहे. दुसरी काहीच माहिती नसेल तेव्हाच तो घटना म्हणून कोड होतो.

वरच्या प्रतिसादातील एक गोष्ट दोन्हीकडे सारखी आहे. जे लिहिलेले नाही ते आपल्या ज्ञानातून भरायचे नाही. फरक एवढाच की तुम्ही क्वेरी डॉक्टरांना पाठवता आणि आम्ही कळवणाऱ्याला, आणि आमचा कळवणारा पुष्कळदा रुग्ण स्वतः किंवा त्याची सून असते.

तेथे मराठीची खरी कसोटी लागते. एका अहवालात रुग्णाने लिहिले होते: ‘गोळी घेतल्यावर दोन तासांत अंगावर पित्त उठले आणि गरगरायला लागले.’ भाषांतर करणाऱ्याने पित्ताचे ‘ॲसिडिटी’ केले आणि गरगरण्याचे ‘डिझिनेस’. पित्त झाले म्हणजे छातीत जळजळ आणि अंगावर पित्त उठले म्हणजे गांधी, म्हणजे अर्टिकॅरिया, हे ज्याच्या घरी मराठी बोलतात त्याला शिकवावे लागत नाही. पण इंग्रजीत गेलेल्या मजकुरावरून कोड करणाऱ्याला ते कधीच कळले नसते आणि त्वचेची ॲलर्जी पोटाच्या गटात जाऊन बसली असती. गरगरण्याचे तर त्याहून नाजूक: ‘डिझिनेस’ चेतासंस्थेच्या गटात जाते आणि ‘व्हर्टायगो’ कानाच्या. घेरी आली, भोवळ आली, चक्कर आली, डोके हलके झाले, गरगरले, ही आपल्याकडे पाच निरनिराळी वाक्ये आहेत, आणि प्रत्येक वेळी सगळ्यांना एकच इंग्रजी शब्द चिकटवणे ही माहितीची चोरी आहे. त्या केसमध्ये आम्ही कळवणाऱ्याला फोन करून विचारले. खोली फिरत होती की डोळ्यांपुढे अंधारी येत होती, एवढाच प्रश्न होता.

 

प्रतिसाद ३ – औषधशास्त्र विभागातील एक डॉक्टर

मी एका वैद्यकीय महाविद्यालयाच्या एडीआर मॉनिटरिंग सेंटरमध्ये, म्हणजे औषधांच्या प्रतिकूल परिणामांची नोंद ठेवणाऱ्या केंद्रात, काम करतो. आमच्यासारख्या केंद्रांतून भरलेले फॉर्म भारतीय फार्माकोव्हिजिलन्स कार्यक्रमाच्या गाझियाबाद येथील राष्ट्रीय समन्वय केंद्राकडे आणि तेथून स्वीडनमधील उप्साला येथे जागतिक संकलनात जातात. हा कार्यक्रम २०१० मध्ये दिल्लीच्या एम्समधून सुरू झाला आणि २०११ मध्ये इंडियन फार्माकोपिया कमिशनकडे आला. रुग्णांनी स्वतः भरायचा फॉर्म मराठीतही आहे, वरच्या प्रतिसादातील पित्ताची गोष्ट म्हणूनच मला फार ओळखीची वाटली.

कोडिंगवर बोलण्याचा माझा अधिकार नाही, पण या केसमध्ये वैद्यकीय दृष्ट्या एक गोष्ट मला खटकते आणि ती कोणीच विचारलेली नाही. आयबुप्रोफेन बिंबाणूंचे (प्लेटलेट्सचे) काम रोखते आणि जठराच्या अस्तराचे संरक्षण कमी करते, त्यामुळे वॉरफरिन घेणाऱ्या माणसात रक्तस्रावाचा धोका वाढतो हे निर्विवाद आहे. परंतु हा धोका आयएनआर फारसा न वाढताही निर्माण होतो. आयएनआर ६.८ वर गेला आहे, आणि तो अधूनमधून घेतलेल्या आयबुप्रोफेनने इतका चढेल असे मी सहजासहजी मानणार नाही. वॉरफरिनचा प्रभावी भाग यकृतात सीवायपी २सी९ या एन्झाइमने मोडतो. त्या एन्झाइमला अडवणारे काहीतरी रुग्णाने घेतले आहे का, हे पाहायला हवे. मेट्रोनिडॅझोल, को-ट्रायमॉक्साझोल, फ्लुकोनॅझोल हे नेहमीचे संशयित आहेत. त्याशिवाय आठवडाभर जेवण सुटले असेल, पालेभाज्या बंद झाल्या असतील, यकृत बिघडले असेल, किंवा गोळीच चुकून दुप्पट घेतली गेली असेल. शेवटच्या शक्यतेत तर ते खरोखर तुमच्या अर्थाने पॉयझनिंग ठरेल.

म्हणून क्वेरी पाठवताना ‘आयबुप्रोफेनमुळे का?’ असे विचारू नका. तसे विचारले की कामाच्या घाईत असलेला डॉक्टर ‘होय’ म्हणून मोकळा होतो. वाढलेल्या आयएनआरचे आणि रक्तस्रावाचे कारण कृपया स्पष्ट करावे, असे उघडे विचारा, आणि मागील महिन्याभराची औषधांची यादी स्वतः एकदा पुन्हा वाचा. दंतवैद्याकडील औषधे बहुधा मुख्य यादीत नसतात, ती परिचारिकेच्या नोंदीत सापडतात.

आम्ही कार्यकारणभाव ठरवताना जागतिक आरोग्य संघटना आणि उप्साला केंद्राची श्रेणी वापरतो, किंवा नारांजो यांची १९८१ ची दहा प्रश्नांची पट्टी. दोन्हींत एक प्रश्न समान आहे: या घटनेचे दुसरे काही कारण असू शकते का? तुमच्या ऑडिटरने आणि तुम्ही दोघांनीही हा प्रश्न स्वतःला विचारलेला दिसत नाही. अर्थात तुमचे ते कामही नाही, मात्र विचारण्याचे काम आहे.

प्रतिसाद ४ – वॉर्डातून कोडिंगकडे, नागपूर

एक छोटी पुरवणी. भारतातील रुग्णालयांसाठी जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० प्रमाणे काम करावे लागले, तर सहाव्या अक्षराची ही सोय तेथे नाही. तेथे प्रतिकूल परिणामासाठी डी ६८.३ सोबत वाय ४४.२ असा वेगळा बाह्य कारणाचा कोड येतो, आणि अपघाती पॉयझनिंग असेल तर टी-कोडसोबत एक्स ४० ते एक्स ४९ मधील कोड. दोन्ही पद्धतींत काम करणाऱ्यांनी अमेरिकन कोड घाईत इकडे चिकटवू नये, मी एकदा चिकटवला होता आणि सॉफ्टवेअरने तो निमूटपणे घेतलाही होता.

अंडरडोसिंगबद्दलही सांगते. पैसे नाहीत म्हणून वॉरफरिन बंद केले आणि गुठळी झाली, तर टी ४५.५१६ए कधीही मुख्य निदान होत नाही. गुठळी वर राहते, आणि परवडत नाही हे कारण झेड ९१ च्या गटातून स्वतंत्रपणे नोंदवता येते. आमच्या भागातील वॉर्डात ते कारण मी फार वेळा ऐकले आहे, कोडमध्ये मात्र क्वचितच पाहिले.

पुन्हा नवशिकी कोडर, पुणे

सर्वांचे मनापासून आभार. डॉक्टरसाहेबांच्या सांगण्यावरून मी चार्ट पहिल्या पानापासून पुन्हा वाचला. इमर्जन्सीमधील परिचारिकेच्या नोंदीत, ॲलर्जीच्या रकान्याखाली, एक ओळ होती: ‘दाढेच्या संसर्गासाठी दंतवैद्याने नऊ दिवसांपूर्वी मेट्रोनिडॅझोल सुरू केले.’ मी ती पहिल्या वाचनात पाहिली होती आणि ओलांडून गेले होते. ऑडिटरनेही तेच केले असावे.

टीम लीडच्या परवानगीने उघडी क्वेरी पाठवली. उत्तर चौथ्या दिवशी आले. डॉक्टरांनी लिहिले की वाढलेला आयएनआर आणि त्यातून झालेला रक्तस्राव वॉरफरिन व मेट्रोनिडॅझोल यांच्या परस्परक्रियेमुळे आहे, दोन्ही औषधे रुग्णाने लिहून दिल्याप्रमाणेच घेतली, आणि आयबुप्रोफेन त्यांनी महिन्याभरापूर्वीच थांबवले होते, त्यामुळे त्याचा यात वाटा नाही.

म्हणजे दोन्ही औषधे लिहून दिलेली आणि नीट घेतलेली, म्हणून प्रतिकूल परिणामच. के ९२.२ पहिला राहिला, डी ६८.३२ आणि टी ४५.५१५ए जागच्या जागी राहिले, आणि त्यांच्या शेजारी टी ३७.३एक्स५ए हा मेट्रोनिडॅझोलचा कोड आला, जो माझ्याकडे नव्हता आणि ऑडिटरकडेही नव्हता. त्यांनी पॉयझनिंगचा शेरा खोडला आणि त्या जागी ‘परस्परक्रियेतील दुसरे औषध कोड केलेले नाही’ असा नवा शेरा लिहिला. कापलेले गुण तसेच राहिले.